केबलचा बॉक्स भाड्याने की विकत? पैसे देण्याआधी काय विचारावं, पावतीत काय पाहावं

नवं केबल कनेक्शन घेताना आपण चॅनेलांची चौकशी तासभर करतो. कुठल्या पॅकमध्ये क्रिकेट आहे, मराठी चॅनेल सगळी येतात का, मुलांचं कार्टून आहे का, सगळं विचारून होतं. बॉक्सचा विषय मात्र एका वाक्यात संपतो. केबलवाला म्हणतो, "डब्याचे बाराशे द्या," आणि आपण देतो. ते बाराशे बॉक्सची किंमत आहे, परत मिळणारं डिपॉझिट आहे, जोडणीचा खर्च आहे की तिन्हीची भेळ, हे कुणी विचारत नाही. घर बदलताना, बॉक्स बिघडल्यावर किंवा कनेक्शन बंद करताना मात्र याच प्रश्नावर वाद होतो. म्हणून हा लेख चॅनेलांपेक्षा बॉक्सबद्दल जास्त आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. केबलचा कायदा १९९५चा. २०११ साली त्यात दुरुस्ती झाली आणि केबल डिजिटल करणं सक्तीचं झालं. मुंबईत २०१२च्या ऑक्टोबरअखेर, पुणे, नागपूर, नाशिक अशा शहरांत मार्च २०१३ अखेर, आणि पुढच्या टप्प्यांत मार्च २०१७ पर्यंत खेड्यापाड्यांतही जुनी अ‍ॅनालॉग सेवा बंद करायची असं ठरलं. त्यामुळे टीव्हीला थेट केबल खुपसून चित्र पाहण्याचे दिवस संपले. सिग्नल कुलूपबंद येतो आणि किल्ली बॉक्समध्ये असते. दर, दर्जा आणि ग्राहकांचे हक्क यांचे नियम दूरसंचार नियामक प्राधिकरण म्हणजे ट्राय करतं. केबल २००४ पासून ट्रायच्या अखत्यारीत आहे आणि सध्याची चौकट मुळात मार्च २०१७च्या नियमांची आहे. त्यात पुढे बरेच बदल झाले.

पायरी १ : समोर कोण आहे ते ओळखा

तुमच्या दारात येतो तो स्थानिक केबल ऑपरेटर. गल्लीतली वायर त्याची, तक्रारीला येणारा मुलगा त्याचा. पण सिग्नल त्याचा नसतो. तो वरच्या मोठ्या कंपनीकडून येतो, जिला एमएसओ म्हणतात. हॅथवे, डेन, जीटीपीएल ही त्यातली ओळखीची नावं. बॉक्सवर नाव बहुधा एमएसओचं असतं, पैसे मात्र आपण ऑपरेटरच्या हातात देतो. वादाची निम्मी मुळं इथेच आहेत. एक म्हणतो बॉक्स कंपनीचा, दुसरा म्हणतो पैसे आमच्याकडे आलेच नाहीत.

म्हणून पहिल्याच भेटीत दोन गोष्टी लिहून घ्या. एमएसओचं नाव, आणि ऑपरेटरचा नोंदणी क्रमांक. पूर्वी ऑपरेटरची नोंदणी मुख्य पोस्ट ऑफिसात व्हायची. जानेवारी २०२५ पासून ती माहिती व प्रसारण मंत्रालयाच्या ब्रॉडकास्ट सेवा पोर्टलवर ऑनलाइन होते आणि पाच वर्षांसाठी असते. क्रमांक विचारला म्हणून कुणी रागावलं तर तेही एक उत्तरच समजा.

पायरी २ : बॉक्स कोणाच्या मालकीचा, हे स्पष्ट करून घ्या

बॉक्स घेण्याचे ढोबळ मार्ग दोन. एकतर विकत घ्यायचा किंवा भाड्याने. काही ठिकाणी हप्त्यांवर देतात, पण तेही शेवटी विकत घेणंच. ग्राहकाला या योजना आणि त्यांच्या अटी आधी सांगणं सेवा देणाऱ्यावर बंधनकारक आहे. "आमच्याकडे अशीच पद्धत आहे" हे पुरेसं उत्तर नाही.

विकत घेतला की बॉक्स तुमचा. वॉरंटी किती ते पावतीवर लिहून घ्या, कारण ती संपल्यावर दुरुस्तीचा खर्च तुमचा. आणि इथे एक कडू गोष्ट आहे. बॉक्स तुमचा असला तरी किल्ली तुमची नाही. एका कंपनीचा बॉक्स दुसऱ्या कंपनीच्या सिग्नलवर चालत नाही, कारण प्रत्येकाची कुलूपबंदीची प्रणाली वेगळी. मोबाइलमध्ये सिम बदलावं तसं इथे होत नाही. एप्रिल २०२० मध्ये ट्रायने शिफारस केली होती की सगळे बॉक्स कुठल्याही कंपनीवर चालतील असेच हवेत. ती शिफारस कागदावरच राहिली. त्यामुळे कंपनी बदलली की विकत घेतलेला बॉक्स बहुतेक वेळा माळ्यावर जातो. माझ्या मते, एका घरात चार-पाच वर्षं राहण्याची खात्री नसेल तर विकत घेण्यात फारसा अर्थ नाही.

भाड्याने घेतला तर मालकी कंपनीची. मग साध्या वापरात बिघडलेला बॉक्स दुरुस्त करून देणं किंवा बदलून देणं हे काम मालकाचं, त्याचे वेगळे पैसे मागणं बरोबर नाही. तुम्ही तो उघडलात, पाडलात किंवा त्यावर पाणी सांडलं तर गोष्ट वेगळी. डिपॉझिट घेतलं असेल तर बॉक्स परत केल्यावर ते परत मिळायला हवं. त्यातून काही कापणार असतील तर किती आणि कशासाठी, हे घेतानाच विचारा, देताना नाही.

तिसरा प्रकार सगळ्यात फसवा. "बॉक्स मोफत." मोफत बॉक्सबरोबर अ‍ॅक्टिव्हेशनचे म्हणून मोठी रक्कम घेतात. बॉक्सची मालकी कंपनीची राहते आणि तुमचे पैसे कुठल्याच सदरात परत येत नाहीत. २०१७च्या नियमांत जोडणीसाठी जास्तीत जास्त ३५० रुपये आणि अ‍ॅक्टिव्हेशनसाठी १०० रुपये अशी मर्यादा होती. जुलै २०२४ मध्ये ट्रायने ती काढून टाकली. आता कंपनी स्वतः दर ठरवते, पण ते जाहीर करावे लागतात. म्हणजे घासाघीस करण्याची जबाबदारी आता तुमच्यावर आली.

अमेरिकेत राहणाऱ्या वाचकांना हे सगळं ओळखीचं वाटेल. तिथे २०१५ मध्ये दोन सिनेटरांनी केलेल्या चौकशीत एक कुटुंब बॉक्सच्या भाड्यापोटी वर्षाला सरासरी २३१ डॉलर भरतं असं दिसलं होतं. तिथल्या नियामकाने २०१६ मध्ये बॉक्सवरची कंपन्यांची पकड सैल करण्याचा प्रस्ताव आणला, तो बारगळला. डिसेंबर २०२० पासून एक मात्र झालं. ग्राहकाने स्वतःचं उपकरण वापरलं तर त्याचं भाडं लावायला तिथे कायद्यानेच बंदी आली.

पायरी ३ : डिपॉझिट आणि भाडं यांचा हिशोब मांडा

कमी डिपॉझिट म्हणजे स्वस्त, असं नाही. याचं चांगलं उदाहरण आपल्याच मुंबईचं आहे. २००६ अखेर दक्षिण मुंबईत कॅस, म्हणजे सशुल्क चॅनेल बॉक्समधूनच दाखवण्याची पद्धत, लागू झालं, तेव्हा ट्रायने बॉक्ससाठी दोन ठरावीक पर्याय दिले होते. ९९९ रुपये डिपॉझिट आणि महिना ३० रुपये भाडं, किंवा २५० रुपये डिपॉझिट आणि महिना ४५ रुपये भाडं. बहुतेकांच्या डोळ्यांत २५० भरतात. पण हिशोब करा. पहिल्या पर्यायात सुरुवातीला ७४९ रुपये जास्त जातात आणि दरमहा १५ रुपये वाचतात. ५० महिन्यांत फरक भरून निघतो, तेही दोन्ही डिपॉझिटं पूर्ण बुडाली असं धरून. काही रक्कम परत आली तर आणखी लवकर.

आज असा ठरवून दिलेला दर नाही. पण आकडेमोडीची रीत तीच. तुम्हाला सांगितलेल्या प्रत्येक पर्यायाची पहिल्या दिवशीची रक्कम घ्या, त्यात तुम्ही राहणार तितक्या महिन्यांचं भाडं मिळवा, खात्रीने परत येणारं डिपॉझिट वजा करा. भाड्यावर १८ टक्के जीएसटी लागतो, तो मिळवायला विसरू नका. भाड्याच्या खोलीत वर्षभर राहणारा विद्यार्थी आणि स्वतःच्या घरातलं निवृत्त जोडपं यांची उत्तरं वेगळी येतील, आणि तशीच यायला हवीत.

पायरी ४ : अर्ज भरा आणि पावती घ्या

कनेक्शनसाठी ग्राहक अर्ज भरून घेतला जातो. त्याची प्रत तुम्हाला मिळाली पाहिजे. गडबडीत ऑपरेटर फक्त आधारचा फोटो काढून नेतो आणि अर्ज स्वतःच भरतो. तसं होऊ देऊ नका, कारण बॉक्स भाड्याचा की विकतचा हे त्या अर्जातच असतं.

पावतीवर बॉक्सचा अनुक्रमांक, व्हीसी नंबर (बॉक्समधल्या व्ह्यूइंग कार्डाचा क्रमांक) असेल तर तो, प्रत्येक रक्कम वेगळ्या ओळीत, आणि डिपॉझिट असेल तर "परतावायोग्य" हा शब्द एवढं हवं. पैसे यूपीआयने दिलेत तरी पावती मागा. यूपीआयच्या नोंदीत फक्त रक्कम दिसते. ती कशाची हे दिसत नाही. मग बॉक्सच्या खालच्या लेबलचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा. त्या लेबलवर आर- ने सुरू होणारा क्रमांक असतो, ती भारतीय मानक ब्यूरोची नोंदणी. बीआयएस केअर अ‍ॅपमध्ये तो टाकून पाहता येतो. लेबल खरवडलेलं असेल तर बॉक्स दुसऱ्या कुणाच्या घरून आलाय असं समजून नवा मागा.

पायरी ५ : महिन्याचं बिल ओळीओळीने वाचा

बिलात चार भाग असतात. नेटवर्क क्षमता शुल्क म्हणजे एनसीएफ (चॅनेल घरापर्यंत पोचवण्याचे पैसे), सशुल्क चॅनेल किंवा बुकेचे (चॅनेलांच्या गठ्ठ्याचे) पैसे, बॉक्सचं भाडं असल्यास ते, आणि कर. हे सगळे वेगळे दाखवायचे असतात. एकच गोल आकडा लिहिलेली वही चालत नाही.

एनसीएफचा इतिहास थोडक्यात असा. सुरुवातीला १०० एसडी (साध्या दर्जाच्या) चॅनेलांसाठी कमाल १३० रुपये. २०२० मध्ये त्याच १३० रुपयांत २०० चॅनेल, आणि त्याहून जास्त असतील तर कमाल १६०. जुलै २०२४ मध्ये ही मर्यादाही गेली. आता कंपनी भागानुसार वेगळा एनसीएफ ठेवू शकते, म्हणून शेजारच्या शहरातल्या बहिणीच्या बिलाशी तुलना करून भांडू नका. एचडी चॅनेल मोजताना दोन एसडी धरले जातात, हेही लक्षात असू द्या. दुसरा टीव्ही असेल तर त्या बॉक्सचा एनसीएफ आणि भाडं किती, हे वेगळं विचारा.

आणि हो, बॉक्स विकत घेतला असेल तर भाड्याची ओळ बिलात असताच कामा नये. मी ओळखीच्या घरांत बिलं पाहतो तेव्हा सगळ्यात आधी हीच ओळ शोधतो. चॅनेलांचे दर शोधायला ९९९ क्रमांकाचं ग्राहक माहिती चॅनेल आणि कंपनीची वेबसाइट पुरेशी आहे.

पायरी ६ : गावाला जाताना आणि घर बदलताना

मे महिन्यात घर बंद राहणार असेल तर सेवा तात्पुरती थांबवता येते. निदान पूर्ण महिन्यासाठी, आणि पंधरा दिवस आधी कळवून. त्या काळात चॅनेलांचे आणि एनसीएफचे पैसे लागत नाहीत, बॉक्सचं भाडं मात्र लागू शकतं. प्रीपेडवाल्यांना हे सोपं, रिचार्ज केलंच नाही की झालं. पण फार काळ बंद राहिलं तर पुन्हा सुरू करायचे पैसे लागतील का, हे आधी विचारून ठेवा.

घर बदलताना नव्या पत्त्यावर तीच एमएसओ आहे का ते पाहा. असेल तर बॉक्स घेऊन जाता येतो, स्थलांतराचा खर्च किती तो विचारा. नसेल तर भाड्याचा बॉक्स परत करून डिपॉझिट घ्या, आणि तेही सामान हलवण्याआधी. नंतर जुन्या गल्लीत तुमची वाट कुणी पाहत नाही.

पायरी ७ : केबलवाल्यानेच कंपनी बदलली तर

हे आपल्याकडे सर्रास होतं. ऑपरेटर एका एमएसओकडून दुसरीकडे जातो आणि एक दिवस सगळ्या सोसायटीचे बॉक्स बदलायला माणूस येतो. "नवीन बॉक्स, इतके पैसे." इथे घाई करू नका. बॉक्स भाड्याचा असेल तर जुन्या डिपॉझिटचा हिशोब आधी, नवे पैसे नंतर. जुना बॉक्स हातात देताना अनुक्रमांकासह लेखी पोच घ्या, नाहीतर सहा महिन्यांनी जुनी कंपनी बॉक्स मागायला येते आणि तो कुठे गेला हे सिद्ध करणं तुमच्या गळ्यात पडतं. बॉक्स विकतचा असेल तर कंपनी तुम्ही बदललेली नाही, ऑपरेटरने बदलली आहे, हे स्पष्ट सांगा. सोसायटीतल्या पंधरा-वीस घरांनी मिळून सांगितलं तर नवा बॉक्स बऱ्याचदा विनाशुल्क मिळतो. एकट्याने सांगितलं तर क्वचित.

हीच वेळ दुसरे पर्याय पाहण्याचीही आहे. डीटीएच आहे. डीडी फ्री डिश आहे, ज्याला मासिक शुल्क नाही, डिश आणि बॉक्स एकदाच घ्यायचा. सह्याद्री आणि बातम्या पाहणाऱ्या घराला ती पुरते.

पायरी ८ : तक्रार कुठे आणि कशी

आधी एमएसओच्या टोल फ्री क्रमांकावर. ऑपरेटरला फोनवर सांगितलं ही तक्रार नव्हे, त्याची नोंद कुठेच नसते. कॉल सेंटरकडून तक्रारीचा डॉकेट क्रमांक घ्या. त्यावर काही झालं नाही तर नोडल अधिकारी, जो प्रत्येक राज्यासाठी नेमावा लागतो. त्याचं नाव आणि ईमेल कंपनीच्या वेबसाइटवर असतं. ईमेलमध्ये डॉकेट क्रमांक, पावतीचा फोटो आणि तुम्हाला नेमकं काय हवं ते एका ओळीत लिहा. "माझं डिपॉझिट परत करा" यापुढे तीन परिच्छेद रागाचे नकोत.

ट्राय एकेका ग्राहकाची तक्रार स्वतः निवाडत नाही, हे माहीत असू द्या. तिथे पाठवलेलं पत्र कंपनीकडेच जातं. त्यापेक्षा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर फोन करा, मराठीतही बोलता येतं. तेही फसलं तर जिल्हा ग्राहक आयोग. तुम्ही जिथे राहता त्या जिल्ह्यातच तक्रार करता येते, दिलेली रक्कम ५ लाखांच्या आत असेल तर शुल्क लागत नाही, आणि वकील नसला तरी चालतं. मुदत वादाचं कारण घडल्यापासून दोन वर्षं. तक्रारीसोबत पावती, ग्राहक अर्जाची प्रत आणि बॉक्स परत केल्याची पोच लागेल.