कॅमेऱ्यासमोरची कोळीण

मढला सगळे मढ आयलंड म्हणतात. बेट आता नावापुरतंच उरलंय, मालाडहून मार्वेमार्गे बस येते. पण वर्सोव्याला जायचं तर आम्ही अजून फेरीबोटीतच चढतो. पलीकडे आरामनगर, म्हणजे कास्टिंगची ऑफिसं. इथल्या बंगल्यांत बारा महिने शूटिंग चालतं, पण शेजारचा आमचा कोळीवाडा पडद्यावर यायचा तो नारळी पुनवेच्या गाण्यापुरता.

नऊ वर्षं झाली, मराठी मालिका-सिनेमांत छोटी-मध्यम कामं करतेय. कोळीवाड्यातली पोरंपोरी विचारतात, ताई, सुरुवात कशी करायची?

पहिल्या ऑडिशनला मी घरी बोलते तशी बोलले. समोरचा म्हणाला, "जरा अजून कोळी करा ना." मला आधी कळेचना. मग कमरेवर हात ठेवला, आवाज चढवला, शेजारणीशी भांडत असल्यासारखी बोलले. काम मिळालं. आईनं तो भाग पाहिला आणि विचारलं, "ही कुठल्या गावची गो?" त्या दिवशी लागलं मनाला.

म्हणून ऑडिशनचे दोन व्हिडिओ करून ठेवा. एक आपल्या बोलीत, पण न भांडता. आमच्या बायका दिवसभर भांडत नसतात, हिशेबही करतात. दुसरा प्रमाण मराठीत, साध्या कपड्यांत. हा दुसरा नसेल तर डोक्यावर पाटी असेल तेव्हाच तुम्हाला बोलावणं येईल.

बोलीचं म्हणाल तर पाणीचं पानी, होडीची होरी, कोळीवाड्याचा कोलीवारा एवढं केलं की झालं, असं बाहेरच्यांना वाटतं. अक्षरं बदलून बोली येत नाही, हेल यावा लागतो. शिवाय आगरी वेगळी, कोळी वेगळी, आणि वरळी-वर्सोव्यातही फरक. आजी असेल तर तिला बोलती करा आणि फोनवर रेकॉर्ड करा. नाट्यशास्त्र रीतसर शिकायचं असेल तर कालिन्याला मुंबई विद्यापीठाची अकॅडमी ऑफ थिएटर आर्ट्स आहे. मी एकांकिका करत शिकले, त्यामुळे तिथलं आतलं काही सांगू शकत नाही.

आता चूक दाखवायची कशी, ते सांगते. एका सेटवर नायक भर समुद्रात मोठ्या ट्रॉलरवरून पाग, म्हणजे हातानं फेकायचं जाळं, टाकत होता. पाग टाकायची ती खाडीत, उथळ पाण्यात. मी सगळ्यांसमोर हसले आणि मोठ्यानं बोलले. त्या युनिटनं मला पुन्हा बोलावलं नाही. माझं बरोबर होतं, पण वेळ चुकली.

पुढच्या सिनेमात शहाणी झाले. भर पावसात बाई बोंबील वाळत घालतेय, असा प्रसंग होता. संहितेच्या वाचनाच्या दिवशीच असिस्टंट डिरेक्टरला बाजूला घेऊन सांगितलं, "दादा, १ जूनपासून मासेमारी बंद असते, आणि पावसात बोंबील वाळत नाही, कुजतो." त्यांनी प्रसंग हिवाळ्यात नेला. सेटवर गेले तर कला विभागानं बोंबील वाळवायची वलांडी झकास उभी केलेली, बांबू, दोऱ्या सगळं. फक्त बोंबील शेपटीला दोरा बांधून लटकवलेले. "मी करून दाखवू?" एवढंच विचारलं. दोन बोंबील घेतले, एकाचा जबडा उघडून दुसऱ्याच्या जबड्यात अडकवला आणि जोडी दोरीवर टाकली, एक इकडे, एक तिकडे. गाठ नाही, दोरा नाही. दहा-बारा जोड्या झाल्यावर मागे पाहिलं तर कॅमेरामन माझ्या हातांवर फ्रेम लावत होता. त्या सिनेमात माझे संवाद चार, पण हातांचा तो शॉट राहिला. लुगडं तर ड्रेसवालाही नेसवतो. हे हात घरूनच न्यावे लागतात.

असं शिकवायचं काम वाढलं तर बोलीभाषा मार्गदर्शक म्हणून श्रेयनामावलीत नाव आणि वेगळं मानधन मागा, शूट सुरू व्हायच्या आधी, लेखी. मी दोनदा फुकट शिकवलं, दोन्ही वेळा नाव नाही. मालिकेचे पैसे हातात पडायला नव्वद दिवस सहज जातात, तोवर घरचा धंदा सोडू नका. ऑडिशनसाठी कुणी पैसे मागितले तर उठून यायचं.

आणि रात्रीची शिफ्ट असेल तर सोडायला गाडी आहे का, हे कॉल टाइमबरोबरच, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ विचारतानाच, विचारा. फेरीबोट बंद झाली की वर्सोव्याहून समोर मढचे दिवे दिसत असतात आणि आपण रिक्षावाल्याशी मालाडच्या वळशाचं भाडं ठरवत असतो.