आयसीयूतील नर्सिंग : मॉनिटरवरच्या आकड्यावर उपचार करण्याआधी या चुका टाळा

अतिदक्षता विभागात औषधांचे बहुतेक निर्णय आकड्यांवरून होतात. मात्र तो आकडा चुकीचा असला, तर एरवी अगदी योग्य उपचारही पेशंटला भोवतो. म्हणून नेहमी होणाऱ्या काही चुका, त्यांची कारणं आणि दुरुस्ती इथे देत आहोत.

बेड हलला, ट्रान्सड्यूसर तिथेच राहिला

आर्टरियल लाइनचा (धमनीत घातलेल्या, सतत रक्तदाब दाखवणाऱ्या नळीचा) ट्रान्सड्यूसर, म्हणजे दाब मोजणारा सेन्सर, हृदयाच्या पातळीवर हवा, म्हणजे चौथ्या बरगडीखालची फट आणि काखेची मध्यरेषा जिथे मिळतात तिथे. पातळीत 10 सेंमीचा फरक पडला की प्रेशर साधारण 7.5 मिमीने (पाऱ्याच्या) चुकतं. ट्रान्सड्यूसर स्टँडवर आहे आणि स्पंजिंगसाठी बेड 10 सेंमी वर घेतला, तर खरं मीन (सरासरी) प्रेशर 58 असताना मॉनिटर 65 दाखवतो. उद्दिष्ट 65 चं, म्हणून कोणी नॉरअॅड्रिनलिन (प्रेशर वाढवणारं औषध) वाढवत नाही. ही चूक धोकादायक आहे ती यामुळेच: सगळं ठीक दिसतं आणि मूत्रपिंडांना मात्र रक्त कमी पडत राहतं.

बेड, डोक्याकडची बाजू किंवा कूस बदलली की दरवेळी लेव्हल तपासा. झिरो करणं (हवेचा दाब शून्य धरणं) वेगळं. त्याने पातळीची चूक सुधारत नाही.

वेव्हफॉर्म (मॉनिटरवरची प्रेशरची लहर) चपटा झाला असेल तर सिस्टोलिक खोटं कमी आणि डायस्टोलिक खोटं जास्त येतं. हवेचा बुडबुडा, गुठळी, वळलेलं मनगट आणि 300 मिमीच्या खाली उतरलेली प्रेशर बॅग, या क्रमाने बघा. फ्लश (सलाइनचा झोत) सोडून बंद केल्यावर एक-दोन उसळ्या येऊन रेघ स्थिरावली, तर लाइन ठीक आहे. एकही उसळी आली नाही तर लाइनमधली लहर दबलेली आहे. लाइन ठीक होईपर्यंत दंडाच्या कफने प्रेशर घ्या.

नॉरअॅड्रिनलिनच्याच ल्यूमेनमधून दुसरं इंजेक्शन

सेंट्रल लाइनच्या (मोठ्या शिरेत घातलेल्या नळीच्या) एका ल्यूमेनमध्ये, म्हणजे आतल्या एका स्वतंत्र वाटेत, साधारण 0.4 मिली द्रव मावतो. 50 मिलीत 4 मिलिग्रॅम असं पातळ केलं असेल, तर त्यात सुमारे 32 मायक्रोग्रॅम औषध असतं. त्याच ल्यूमेनमधून फ्लश दिला की ते सगळं एकदम आत जातं आणि प्रेशर उसळतं. मग ल्यूमेनमध्ये फक्त सलाइन उरतं. पंप ताशी 5 मिलीने चालू असेल तर औषध पुन्हा टोकापर्यंत पोचायला जवळपास पाच मिनिटं लागतात. या औषधाचा हाफ-लाइफ दोन-अडीच मिनिटांचा, त्यामुळे आता प्रेशर कोसळतं. आधीच्या उसळीला घाबरून कोणी पंप कमी केला असेल, तर आणखीच. व्हॅसोप्रेसरला (प्रेशर वाढवणाऱ्या अशा औषधाला) स्वतंत्र ल्यूमेन ठेवा आणि त्यावर ठळक लेबल लावा.

सिरिंज बदलतानाही हेच घडतं. नवी सिरिंज पंपात बसवल्यावर दांडा आणि पकड यांत थोडी ढिलाई राहते. कमी गतीवर ती भरून निघेपर्यंत पेशंटला काहीच जात नाही. जोडण्याआधी पंपावरूनच पर्ज करा (औषध थोडं पुढे ढकला) आणि एक्स्टेन्शनच्या टोकाशी थेंब दिसला की मगच जोडा. पुढची सिरिंज आधीची संपायच्या अर्धा तास आधी भरून तयार हवी.

ऑक्लूजनचा (लाइन तुंबल्याचा) अलार्म वाजला की क्लॅम्प झटकन उघडण्याचा मोह होतो. तुंबलेला दाब त्याबरोबर बोलस म्हणून आत जातो. थ्री-वे (लाइनमधला तीन तोंडांचा कॉक) पेशंटच्या बाजूने बंद करा, दाब बाहेर सोडा, मग लाइन सुरू करा.

घड्याळ लावून सक्शन

दर दोन तासांनी सक्शन (श्वासाच्या ट्यूबमधले स्राव ओढून काढणं) करायचंच, ही सवय सोडा. स्राव दिसले, आवाज आला, एअरवे प्रेशर वाढलं किंवा सॅच्युरेशन उतरलं, तरच करा. आधी 30 ते 60 सेकंद 100 टक्के ऑक्सिजन; एक पास 15 सेकंदांच्या आत; दाब 80 ते 150 मिमी. कॅथेटरचा बाहेरचा व्यास ट्यूबच्या आतल्या व्यासाच्या निम्म्याहून जास्त नको: 8 नंबरच्या ट्यूबला 12 फ्रेंच. दरवेळी सलाइन टाकण्याची गरज नाही.

ट्यूबच्या कफचं (श्वासनलिकेतल्या फुग्याचं) प्रेशर मॅनोमीटरनेच मोजा, 20 ते 30 सेंमी पाणी. बोटांनी फुगा दाबून अंदाज येत नाही.

व्हेंटिलेटरचा अलार्म बंद करून कारण शोधणं

आधी पेशंटकडे बघा: छाती दोन्ही बाजूंनी हलते का, रंग कसा आहे. सॅच्युरेशन झपाट्याने पडत असेल तर व्हेंटिलेटर काढून 100 टक्के ऑक्सिजनवर अँबू बॅग सुरू करा आणि मदतीला हाक मारा. बॅगने सहज श्वास गेला तर दोष बहुधा मशीन किंवा सर्किटमध्ये. बॅग कडक लागली तर ट्यूब दाताखाली दबली आहे, तुंबली आहे, उजव्या ब्राँकसमध्ये (फुप्फुसाकडे जाणाऱ्या श्वासनलिकेच्या फाट्यात) सरकली आहे, ब्राँकोस्पॅझम (श्वासनलिका आवळणं) आहे किंवा न्यूमोथोरॅक्स (फुप्फुसाबाहेर छातीत हवा साठणं) आहे. ट्यूबची ओठाजवळची खूण दर शिफ्टला लिहिलेली असेल तर ती सरकली का, हे काही सेकंदांत कळतं.

ड्रिपच्याच हातातून रक्त

डेक्स्ट्रोज चालू असलेल्या हातातून नमुना घेतला की साखर भलतीच जास्त आणि सोडियम कमी येतं. दुसऱ्या हातातून घ्या. शॉकमध्ये, व्हॅसोप्रेसर चालू असताना, बोटाच्या टोकाला रक्तपुरवठा कमी असतो. तिथली साखर फसवी असू शकते. इन्सुलिनची गती बदलण्याआधी आर्टरियल लाइनमधला नमुना तपासा, आणि त्याआधी लाइनमधला द्रव पुरेसा काढून घेतला आहे याची खात्री करा.