शेवंतीचा चिनी चहा: फुलं कशी निवडायची, चहा कसा करायचा

चीनमध्ये ज्याला जूहुआ-छा म्हणतात, त्यात चहाची पत्ती नसतेच. वाळवलेली शेवंतीची फुलं आणि गरम पाणी, एवढंच. कॅफिन नसल्यामुळे तो रात्रीही चालतो. कृती अगदी सोपी आहे. चहा बिघडतो तो बहुतेक वेळा फुलं घेतानाच, म्हणून आधी फुलांचं बघू.

झेजियांग प्रांतातल्या तोंगश्यांगची पांढरी शेवंती ‘हांगबाईजू’ नावाने मिळते. ही फुलं आधी वाफवून मग वाळवतात, त्यामुळे ती चपटी आणि एकमेकांना चिकटलेली दिसतात. हा दोष नव्हे. चव गोडसर असते. आन्हुईच्या ह्वांगशान भागातली ‘गोंगजू’ लहान आणि भरगच्च पाकळ्यांची. उमलण्याआधी खुडलेल्या कळ्यांना ‘ताईजू’ म्हणतात; त्या पेल्यात सुबक दिसतात, पण पहिल्यांदा घेणाऱ्याने उमललेली फुलंच घ्यावीत. ‘ये-जूहुआ’, म्हणजे रानशेवंती, फार कडू असते आणि औषधात वापरतात. रोजच्या पेल्यात ती नको. ‘स्नो क्रिसॅन्थेमम’ म्हणून विकलं जाणारं, पाण्यात लालसर उतरणारं फूल तर शेवंतीच नाही. ते कोरिऑप्सिस, वेगळंच झाड.

कीड लागू नये आणि रंग उजळ दिसावा म्हणून काही ठिकाणी फुलांना गंधकाची धुरी देतात. चांगलं वाळलेलं पांढरं फूल किंचित पिवळट असतं. फार शुभ्र फुलं दिसली तर संशय घ्या, आणि पाकीट उघडताच आंबूस, नाकाला झोंबणारा वास आला तर ती घेऊच नका. सजावटीसाठी वाढवलेली शेवंती चहात टाकू नका. तिच्यावरची फवारणी खाण्यापिण्याच्या हिशेबाने केलेली नसते.

३०० मिली पाण्याला ५ ते ८ फुलं पुरतात, वजनात साधारण २ ते ३ ग्रॅम. ताईजूच्या कळ्या लहान असतात, त्या १० घ्या. फुलांवर थोडं गरम पाणी ओतून दहा सेकंदांत फेकून द्या. धूळ आणि सुटे परागकण निघून जातात. मग उकळी बसलेलं, ९० ते ९५ अंशांचं पाणी ओता, झाकण ठेवा आणि ४ मिनिटं थांबा. झाकण विसरलात तर वास वाफेबरोबर उडतो आणि हाती कोमट, गवतट पाणी राहतं. फुलं पातेल्यात खळाखळा उकळू नका. पाकळ्या सुटून गाळणीत अडकतात आणि देठाकडचा कडवटपणा उतरतो. त्याच फुलांवर आणखी दोनदा पाणी ओतता येतं, दर वेळी मिनिटभर जास्त ठेवून.

गोडीसाठी खडीसाखरेचा लहान खडा पुरे. मध घालायचा तर चहा कोमट झाल्यावर. गोजी या लहान लाल फळाची ८-१० वाळकी फळं घालण्याची पद्धत फार जुनी आणि चवीलाही छान, पण वॉरफरिन हे रक्त पातळ करणारं औषध चालू असेल तर गोजी टाळा. त्याने औषधाचा परिणाम वाढल्याच्या वैद्यकीय नोंदी आहेत. दक्षिण चीनमधले कॅन्टनी लोक न्याहारीला शेवंती आणि पू-अर ही आंबवलेली चहापत्ती एकत्र करतात. पू-अरचा मातकट वास त्याने सौम्य होतो, पण मग पेयात कॅफिन आलं.

करून ठेवलेला चहा तासा-दोन तासांत हिरवट झाला तर घाबरू नका. फुलातलं क्लोरोजेनिक आम्ल अल्कधर्मी पाण्यात हवेशी संयोग पावतं, त्याचा तो रंग. तरीही रात्रभर बाहेर राहिलेला चहा ओतून द्या. थंड प्यायचा असेल तर गाळून लगेच फ्रीजमध्ये ठेवा आणि दिवसभरात संपवा.

आता गुणांबद्दल. चिनी वैद्यकात शेवंती ‘थंड’ मानतात. अंगातली उष्णता, तापाची सुरुवात, डोकेदुखी यांवर ती देतात, आणि यकृताचा डोळ्यांशी संबंध मानल्यामुळे लाल, थकलेल्या डोळ्यांवरही. कोमट चहात भिजवलेल्या स्वच्छ कापडाची घडी मिटलेल्या पापण्यांवर दहा मिनिटं ठेवतात. चहा डोळ्यांत मात्र घालायचा नाही. वाळक्या फुलांची उशीही करत. चीनच्या सोंग राजवटीच्या काळातला कवी लू यू याने तशा उशीबद्दल लिहिलं आहे. प्रयोगशाळेत फुलातल्या ल्युटिओलिनसारख्या द्रव्यांचे दाहशामक गुण दिसले आहेत, पण माणसांवरचा भक्कम पुरावा तोकडा आहे. साखरेच्या सरबताऐवजी किंवा रात्रीच्या चहाऐवजी हा घेतला तर फायदा सरळ दिसतो. रक्तदाबाची गोळी बंद करून हा पिणं धोक्याचं.

रॅगवीड हे तण, झेंडू, कॅमोमाइल यांची ॲलर्जी असलेल्यांनी हा चहा टाळावा. शेवंती त्याच कुळातली. पोट लगेच बिघडणाऱ्यांना जास्त प्यायल्यास जुलाब होऊ शकतात, म्हणून दिवसाला एक-दोन पेलेच. गरोदरपणात आणि नियमित औषधं चालू असताना आधी डॉक्टरांना विचारा.

फुलं हवाबंद काचेच्या बरणीत, उजेडापासून दूर ठेवा. ओलसर हवेत त्यांना पटकन कीड लागते, म्हणून जास्तीची पाकिटं फ्रीजमध्ये बरी. तिथून काढलेलं पाकीट खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नका, नाहीतर आत दव धरतं आणि फुलांना बुरशी लागते.