शीख पायोनियर पलटणींचा इतिहास : या चुका टाळा

सर्वाधिक घोटाळा क्रमांकांचा होतो. १८५७ मध्ये मजहबी (दलित समाजातील) शिखांतून उभारलेली एक पलटण सुरुवातीला पंजाब पायदळाची १५ वी होती, १८६१ मध्ये २३ वी झाली, १९०३ च्या पुनर्रचनेत तिला ‘२३ वी शीख पायोनियर’ हे नाव मिळाले आणि १९२२ मध्ये ती तिसऱ्या शीख पायोनियर रेजिमेंटची पहिली बटालियन ठरली. त्यामुळे वर्षाविना दिलेला क्रमांक जवळजवळ निरुपयोगी समजावा. ३२ वी शीख पायोनियर पलटणही १८५७ चीच. ३४ वी मात्र १८८७ ची असल्याने तिचे जवान १८५७ च्या उठावातील दिल्लीच्या वेढ्यात दाखवू नयेत.

पायोनियर म्हणजे सैन्यासोबतचे मजूर, हा समज त्याहून जुना आणि अधिक अन्यायकारक आहे. हे शस्त्रसज्ज पायदळ होते. कुदळ-फावडे त्यांच्याकडे बंदुकीशिवायचे जादा ओझे म्हणून असे. १८९५ मध्ये वायव्य सरहद्दीवरील (आता पाकिस्तानातील) चित्रालच्या किल्ल्याला वेढा पडला, तेव्हा ३२ वी पलटण गिलगिटच्या बाजूला रस्त्याच्या कामावर होती. कर्नल केली यांच्या नेतृत्वाखाली ती मार्चअखेर निघाली, शंदूर खिंडीतील बर्फात खेचरे चालेनाशी झाल्यावर तोफा माणसांनी वाहून नेल्या, वाटेत चकलवट आणि निसा गोल येथे लढाया झाल्या आणि २० एप्रिलला तुकडी चित्रालला पोहोचली. यात मजुरी कुठे संपते आणि लढाई कुठे सुरू होते, हे ठरवणे कठीण आहे.

वायव्य सरहद्दीवरची १८९७ ची सारागढीची लढाई या पलटणींच्या नावावर टाकू नये. ती ३६ व्या शीख पलटणीची, आणि तिची भरती मुख्यतः जाट शिखांतून होई.

शेवटची चूक वारशाविषयीची. शीख पायोनियर १९३३ मध्ये बरखास्त झाले. पुढे १९४१ मध्ये मजहबी आणि रामदासिया (हाही दलित समाज) शिखांची रेजिमेंट उभी राहिली आणि १९४४ मध्ये ती शीख लाइट इन्फंट्री झाली, पण मधल्या वर्षांत सेवेची सलगता नाही. मराठी वाचकाला १९४१ मध्येच बेळगावात स्थापन झालेली महार रेजिमेंट आठवेल. तिथेही १११ वी महार पलटण १९२१ मध्ये मोडल्यानंतरचा खंड असाच दुर्लक्षिला जातो. दुसऱ्या महायुद्धातील इंडियन पायोनियर कोअर ही तर निराळीच संघटना आहे. तिच्या नोंदींत जुन्या पलटणीचा शोध घेऊ नये.