अपील गैरहजेरीत निकाली निघालं? आधी रोजनामा बघा

परवा धनकवडीचे एक काका शिवाजीनगर कोर्टात माझ्या टेबलापाशी आले. पुकारा झाला तेव्हा ते दवाखान्यात, वकील दुसऱ्या कोर्टात. अपील निकाली. "आता जमीन गेलीच ना?" गेली नाही, काका. बसा.

पहिलं काम, रोजनामा, म्हणजे कोर्टात त्या दिवशी काय झालं याची नोंद, वाचा आणि आदेशाच्या सही-शिक्क्याच्या नकलेसाठी अर्ज टाका. अपील करणारा गैरहजर असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ (इथे 'आदेश' म्हणजे संहितेतलं प्रकरण, Order), नियम १७ खाली कोर्ट अपील काढून टाकू शकतं, पण गुणदोषांवर, म्हणजे कोणाची बाजू खरी हे तपासून, निकाल देऊ शकत नाही. १९७६ च्या दुरुस्तीतलं स्पष्टीकरण हेच सांगतं. आदेशात पुराव्याची चर्चा दिसली, तर तो मुद्दा आवर्जून मांडा.

मग त्याच आदेश ४१ च्या नियम १९ खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज. मुदत ३० दिवस, आणि ती आदेशाच्या तारखेपासून मोजायची, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नव्हे. इथेच बहुतेकांची गाडी घसरते. उशीर झालाच तर सोबत विलंबमाफीचा अर्ज जोडा.

प्रतिज्ञापत्रात "अपरिहार्य कारणास्तव" असलं गुळमुळीत लिहू नका. काकांच्या खिशात घडी घातलेला केसपेपर होता, त्यावर तारीख आणि वेळ, सकाळी १०.४०. तोच जोडला. वकिलांचंही वेगळं प्रतिज्ञापत्र घेतलं. कुरकुरले, पण दिलं.

अर्ज फेटाळला, तर कोर्टाच्या त्या हुकमावर संहितेच्या आदेश ४३ खाली अपील करता येतं. आणि गैरहजर समोरचा पक्ष असेल, तर अपील एकतर्फी चालतं. त्याला फेरसुनावणी मागायला आदेश ४१ चा नियम २१ आहे.