आयफेल, गाईड आणि बोट: पॅकेज घ्यायचं का?

धरमपेठेतल्या आमच्या भिशीत सध्या पॅरिसचंच चाललंय. आयफेल टॉवर, गाईड आणि सीन नदीतली बोट एकत्र घ्यावं का?

आधी पॅकेजच्या कागदावर पाहा, तिकीट दुसऱ्या मजल्याचं की शेंड्याचं? टॉवर ३३० मीटर उंच, दुसरा मजला साधारण ११६ मीटरवर. मला विचाराल तर तोच बरा. तिथून इमारती ओळखू तरी येतात. मग टॉवरच्या अधिकृत साइटवर त्याच तिकिटाचा दर बघा, लिफ्टची तिकिटं साधारण ६० दिवस आधी खुली होतात. त्यात बोटीचे पैसे मिळवा आणि पॅकेजच्या रकमेतून वजा करा. उरली ती गाईडची किंमत, बाप्पा! सासूबाई सोबत असतील तर मी ती देईन. सुरक्षा तपासणीची रांग मात्र गाईड असला तरी चुकत नाही, हे त्यांना आधीच सांगून ठेवा. गुडघे धड असतील तर ६७४ पायऱ्या चढून दुसरा मजला गाठा, स्वस्त पडतं.

बोट तासाभराची, टॉवरच्या पायथ्याशीच मिळते. अंधार पडल्यावरचीच घ्या. दर तासाला पाच मिनिटं टॉवर लखलखतो. जूनमध्ये तिथे रात्री दहापर्यंत उजेड असतो, तेव्हा जेवण आधी उरकून घ्या.