आत्याकडून लोणारच्या तळ्याची गोष्ट कशी उतरवून घ्यावी

‘उत्पत्तीकथा सांगा’ असं कधी विचारू नका. आत्या लगेच म्हणते, ‘मला कुठं काय येतं बाबा!’ ती लसूण सोलायला बसली की शेजारी बसा, चार पाकळ्या आपणही सोला. पंखा बंद करा, नाहीतर फोनमध्ये नुसती घरघर येते. मग सहज काढा, ‘तळ्याचं पाणी खारट का गं?’

ती सुरू होते: लवणासुर जमिनीखाली राहायचा, विष्णूनं पायाच्या अंगठ्यानं वरचं झाकण उडवलं, त्याला मारलं. इथं मधे बोलू नका. मी एकदा ‘ते उल्केनं झालंय’ म्हणालो. आत्या म्हणाली, ‘मग तिलाच विचार,’ आणि उठली. पुढचा भाग मिळायला दिवाळी उजाडली.

गोष्ट उतरवून घेणाऱ्याची परीक्षा एवढीच: तोंड मिटून ऐकता येतं का?

ती ‘झाकन’ म्हणाली तर ‘झाकन’च लिहा. शेजारची काकू वेगळं सांगेल. तेही लिहा, वेगळ्या पानावर, तारखेसकट. दोन्हींची मिसळ करू नका. शेवटी लोणारच्या दैत्यसूदन मंदिरात, म्हणजे त्याच विष्णूच्या देवळात, आत्यालाच घेऊन जा. मूर्तीपुढं तिला आणखी आठवतं.